मोजणीची मूळ नोंद : उपग्रह-निरीक्षणे मुक्त स्वरूपात जतन करण्याची रीत

आपल्या शाळेच्या वसतिगृहात राहून शिकलेल्या विद्यार्थ्यांपैकी बहुतेकांची घरे शेतीवर किंवा शेतमजुरीवर उभी राहिली. सुट्टीत गावी गेल्यावर बांधावरून होणारी कुरबुर, मोजणीची तारीख आणि कोपऱ्यावरचा दगड हे विषय आपल्या कानी पडले नाहीत, असा विद्यार्थी विरळाच. प्रस्तुत लेखक याच शाळेचा माजी विद्यार्थी असून भूमापन हा त्याचा व्यवसाय आहे. या व्यवसायात गेल्या काही वर्षांत मोठे परिवर्तन झाले आहे. साखळी गेली आणि उपग्रहांचे संदेश टिपणारे यंत्र बांधावर आले. काम वेगवान व सूक्ष्म झाले, परंतु एक जुना गुण मात्र हातून निसटू लागला आहे. तो गुण कोणता आणि तो कसा राखावा, एवढेच या लेखात सांगावयाचे आहे.

साखळी सर्वांना वाचता येत असे

जुन्या मुंबई इलाख्यात जमीन मोजण्यासाठी ३३ फूट लांबीची साखळी वापरीत. तिचे १६ आणे पाडलेले असत. ३३ फूट लांब व ३३ फूट रुंद अशा चौरसाचे क्षेत्रफळ १,०८९ चौरस फूट होते. हाच आपला एक गुंठा. असे ४० गुंठे म्हणजे ४३,५६० चौरस फूट, म्हणजेच एक एकर. शेताच्या मधून एक सरळ रेषा धरावयाची, शंकूच्या साहाय्याने तिला काटकोनात लंब टाकावयाचे, प्रत्येक लंबाची लांबी साखळीने मोजावयाची आणि ते आकडे टिपणात लिहावयाचे, अशी ती रीत होती.

या रीतीत चुका होत नसत असे नव्हे. साखळी ताणली जाई, उतारावर माप वाढे, कधी मोजणाराचे लक्ष चुके. तरीही तिच्यात एक मोठी गोष्ट होती. टिपणात लिहिलेली लांबी हेच मूळ निरीक्षण असे. ज्याला आकडे वाचता येतात आणि ज्याच्याजवळ तेवढ्या लांबीची दोरी आहे, असा कोणीही मनुष्य शेतात जाऊन ते माप पुन्हा ताडून पाहू शके. ते टिपण वाचण्यासाठी साखळी बनविणाऱ्या कारखानदाराची परवानगी काढावी लागत नसे.

आज यंत्राच्या पडद्यावर काही सेकंदांत बिंदूचे स्थान उमटते. त्या स्थानाचे दोन आकडे कागदावर छापून मिळतात. परंतु ते दोन आकडे म्हणजे मूळ निरीक्षण नव्हे. ते निरीक्षणावरून काढलेले उत्तर आहे. गणिताच्या उत्तरपत्रिकेत केवळ उत्तर लिहिले आणि रीत दाखविली नाही, तर आपले गुरुजी गुण कापीत असत. उत्तर चुकीचे असे म्हणून नव्हे, तर ते तपासता येत नाही म्हणून. येथेही प्रश्न तोच आहे.

यंत्र काय टिपते

भूमापनाचे रिसीव्हर स्वतःचे स्थान आकाशातून आयते घेत नाही. ते उपग्रहांपासूनची अंतरे मोजते. अमेरिकेचे जीपीएस, रशियाचे ग्लोनास, युरोपचे गॅलिलिओ, चीनचे बेइदू आणि भारताचे नाविक अशा अनेक प्रणालींचे उपग्रह सतत संदेश पाठवीत असतात. जीपीएसचे उपग्रह सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवर आहेत. संदेश निघाल्याची वेळ आणि पोहोचल्याची वेळ यांतील फरकाला प्रकाशाच्या वेगाने गुणले की अंतर मिळते. प्रकाश सेकंदाच्या एक अब्जांशात सुमारे ३० सेंटिमीटर जातो. यावरून वेळेची किती सूक्ष्म नोंद ठेवावी लागते, याची कल्पना येईल.

दर क्षणाला, म्हणजे ठरविल्याप्रमाणे दर एक, पाच किंवा तीस सेकंदांनी, यंत्र प्रत्येक उपग्रहाविषयी मुख्यतः चार गोष्टी नोंदविते. पहिली, संदेशातील सांकेतिक खुणेवरून काढलेले अंतर. दुसरी, संदेश वाहून आणणाऱ्या लहरीची कला, म्हणजे लहरीच्या आवर्तनांची मोजदाद. तिसरी, उपग्रहाच्या गतीमुळे लहरीच्या वारंवारतेत पडणारा फरक. चौथी, संदेशाचे बळ. जीपीएसच्या पहिल्या लहरीची वारंवारता १५७५.४२ मेगाहर्ट्झ असून तिची लांबी सुमारे १९ सेंटिमीटर आहे. त्या लांबीचाही लहानसा अंश यंत्र मोजू शकते. म्हणूनच सेंटिमीटरपर्यंतची अचूकता शक्य होते. केवळ सांकेतिक खुणेवर विसंबणाऱ्या साध्या मोबाइल फोनची चूक मात्र काही मीटरांची असू शकते.

एका यंत्राने हे साधत नाही. ज्याचे स्थान आधीच ठाऊक आहे अशा बिंदूवर दुसरे यंत्र त्याच वेळी चालू असावे लागते. त्याला आपण आधार-केंद्र म्हणू. दोन्ही यंत्रांच्या निरीक्षणांची वजाबाकी केली की उपग्रहाच्या घड्याळातील दोष पूर्णपणे, आणि हवेच्या थरांमुळे येणारा दोष बराचसा नाहीसा होतो. ही वजाबाकी शेतातच, रेडिओ किंवा मोबाइल जाळ्याच्या साहाय्याने तत्काळ केली तर तिला आरटीके म्हणतात. दोन्ही यंत्रांच्या नोंदी साठवून नंतर संगणकावर केली तर ते उत्तर-संस्करण होय.

नोंद बंदिस्त का असते

ही सर्व निरीक्षणे यंत्र आपल्या स्मृतीत साठविते. प्रत्येक कंपनीने त्यासाठी आपापले फाइल-स्वरूप ठरविले आहे. ट्रिम्बलच्या यंत्रात टी०२ प्रकारची फाइल असते, टॉपकॉनची टीपीएस, यू-ब्लॉक्सची यूबीएक्स, सेप्टेन्ट्रिओची एसबीएफ. या फायली साध्या मजकुराच्या नसतात. त्या उघडल्या तर पडद्यावर अर्थहीन चिन्हांची रांग दिसते.

यामागे नेहमी काही दुष्ट हेतू असतो असे समजू नये. यंत्राची स्मृती मर्यादित असते, त्यामुळे माहिती अत्यंत दाट बांधावी लागते. यंत्राच्या अंतर्गत स्थितीच्या अनेक नोंदी त्याच फाइलमध्ये घालावयाच्या असतात. काही कंपन्यांनी आपल्या फाइलची रचना प्रसिद्धही केली आहे. काहींनी ती स्वतःपाशी ठेवली आहे. परिणाम मात्र एकच. ज्या फाइलची रचना प्रसिद्ध नाही, ती उघडण्यासाठी त्याच कंपनीचा प्रोग्राम लागतो. त्या प्रोग्रामला परवाना लागतो, परवान्याला मुदत असते आणि कंपनी बंद झाली किंवा तिने जुने यंत्र वाऱ्यावर सोडले तर वाचणाराच उरत नाही. जमीन मात्र तीन-तीन पिढ्या तिथेच असते.

एक अनुभव

व्यवसायाच्या प्रारंभीच्या वर्षांत मला जो धडा मिळाला तो येथे नमूद करतो. एका कुटुंबाची थोडी जमीन रस्त्याच्या कडेला होती. वाटणीच्या वेळी त्यांनी खाजगी मोजणी करून घेतली. मोजणाऱ्याने आधार-केंद्र मांडून, कोपऱ्याच्या प्रत्येक दगडावर बराच वेळ यंत्र ठेवून, काम मनापासून केले. कुटुंबाच्या हाती एक नकाशा आणि बिंदूंच्या स्थानांचा एक कागद आला. पुढे रस्ता रुंद करताना यंत्राच्या फाळाखाली कोपऱ्याचा दगड उखडला गेला. दगड नेमका कोठे होता, यावर वाद उभा राहिला.

कागदावर आकडे होते, परंतु ते कोणत्या आधार-बिंदूवरून काढले, अँटेनाची उंची किती धरली, निरीक्षण किती वेळ केले, यांपैकी काहीच लिहिलेले नव्हते. समोरच्या पक्षाने विचारले, हे आकडे बरोबर कशावरून? मूळ फाइल मोजणाऱ्याच्या संगणकात होती, पण त्याने ते यंत्र विकून टाकले होते आणि प्रोग्रामचा परवानाही संपलेला होता. फाइल माझ्याकडे आली तेव्हा मलाही ती उघडेना. योग्य साधन मिळवून मी ती मुक्त स्वरूपात आणली, तेव्हा काम अवघ्या पाव तासाचे निघाले. निरीक्षणे उत्तम होती. दगडाची जागा निःसंशय ठरविता आली असती. परंतु तोवर कुटुंबातील वडीलधाऱ्यांनी कंटाळून तडजोडीच्या कागदावर सही केली होती.

त्या घरातील आजीने मला एवढेच विचारले, "बाळा, हे आधी का नाही केलंस?" मोजणी मी केली नव्हती, हे सांगण्याचे धैर्य मला झाले नाही. ज्या दिवशी मोजणी झाली त्याच दिवशी पाव तास दिला असता तर हा प्रश्न उद्भवला नसता, हे मी त्या दिवशी शिकलो.

रायनेक्स : यंत्रनिरपेक्ष नोंद

या अडचणीवर उपाय शोधला गेला तो १९८९ साली. त्या वर्षी युरोपभर एक समान भू-संदर्भ जाळे उभारण्यासाठी मोठी निरीक्षण-मोहीम आखण्यात आली. तिच्यात चार वेगवेगळ्या कंपन्यांची साठाहून अधिक जीपीएस यंत्रे होती. प्रत्येकाची फाइल निराळी. मग गणित एकत्र करावयाचे कसे? स्वित्झर्लंडमधील बर्न विद्यापीठाच्या खगोलशास्त्र संस्थेतील वेर्नर गुर्टनर यांनी पुढाकार घेऊन एक सर्वसाधारण स्वरूप मांडले. त्याचे नाव रायनेक्स. अर्थ असा की, कोणत्याही विशिष्ट यंत्रावर अवलंबून नसलेले देवाणघेवाणीचे स्वरूप. पुढे त्याच्या आवृत्त्या निघत गेल्या. २.११ ही आवृत्ती दीर्घकाळ वापरात राहिली. अनेक उपग्रह-प्रणालींना एकसारखी सामावून घेणारी तिसरी आवृत्ती नंतर आली आणि २०२१ च्या अखेरीस चौथी आवृत्ती प्रसिद्ध झाली.

रायनेक्सची फाइल साध्या मजकुराची असते. कोणत्याही संगणकावर, कोणत्याही साध्या संपादकात ती उघडते. तिचे दोन भाग असतात. वरचा भाग शीर्षाचा. त्यात बिंदूचे नाव, यंत्राचा प्रकार व क्रमांक, अँटेनाचा प्रकार, तिची उंची, बिंदूचे अंदाजे स्थान, निरीक्षणांचे प्रकार, पहिल्या निरीक्षणाची वेळ अशा ओळी असतात. प्रत्येक ओळीत पहिली ६० घरे माहितीसाठी आणि ६१ ते ८० ही घरे त्या माहितीचे नाव सांगण्यासाठी राखलेली आहेत. शीर्ष संपले की निरीक्षणे सुरू होतात. क्षणाची वेळ, मग त्या क्षणी दिसणाऱ्या प्रत्येक उपग्रहाची एक ओळ. उपग्रहाच्या क्रमांकाआधी त्याच्या प्रणालीचे रोमन अक्षर असते: जीपीएससाठी जी, ग्लोनाससाठी आर, गॅलिलिओसाठी ई, बेइदूसाठी सी आणि आपल्या नाविकसाठी आय. दहावी शिकलेल्या मुलाला अर्ध्या तासात ही रचना समजावून सांगता येते, हे मी स्वतः पाहिले आहे.

निरीक्षणांच्या फाइलबरोबर आणखी एक फाइल लागते. तिच्यात उपग्रहांच्या कक्षांची माहिती असते. तिला नाविक-संदेशाची किंवा नॅव्हिगेशन फाइल म्हणतात. येथे 'नाविक' हा शब्द मार्गदर्शनाच्या अर्थी आहे, भारतीय प्रणालीच्या अर्थी नव्हे. पुढे अधिक सूक्ष्म कक्षा हव्या असतील तर आंतरराष्ट्रीय जीएनएसएस सेवेकडून त्या विनामूल्य मिळतात. अंतिम स्वरूपातील कक्षा सुमारे दोन आठवड्यांनी उपलब्ध होतात. ही सेवा १९९४ पासून जगभरच्या केंद्रांची निरीक्षणे रायनेक्स स्वरूपातच खुली ठेवीत आली आहे. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील केंद्र त्यांपैकीच एक.

रूपांतराची रीत

आता प्रत्यक्ष कृतीकडे वळू. पुढील पायऱ्या क्रमाने पाळाव्यात.

१. शेतातच नोंद चालू करावी. ही पायरी सर्वाधिक विसरली जाते. आरटीके पद्धतीत यंत्र केवळ उत्तर साठविते. मूळ निरीक्षणे साठविण्याची सोय निराळी चालू करावी लागते. ती चालू केली नसेल तर रूपांतर करण्यासारखे काहीच उरत नाही. आधार-केंद्र आणि फिरते यंत्र या दोहोंची नोंद हवी. एकाचीच असेल तर वजाबाकी होत नाही.

२. मूळ फाइलला हात लावू नये. यंत्रातून उतरविलेली फाइल जशीच्या तशी दोन ठिकाणी ठेवावी आणि तिचा एसएचए-२५६ हा संगणकीय ठसा काढून लिहून ठेवावा. फाइलमधील एक अक्षर जरी बदलले तरी ठसा पार बदलतो. त्यामुळे पुढे कोणी शंका घेतली तर फाइल तीच आहे, हे दाखविता येते.

३. योग्य साधन निवडावे. अनेक कंपन्या आपल्या फाइलचे रायनेक्स करून देणारे छोटे प्रोग्राम विनामूल्य देतात. ट्रिम्बलचाही असा प्रोग्राम आहे. यू-ब्लॉक्स, नोव्हाटेल, सेप्टेन्ट्रिओ, जावाद इत्यादींच्या फायलींसाठी जपानच्या तोमोजी ताकासू यांनी रचलेला आरटीकेलिब हा मुक्त प्रोग्राम-संच उपयोगी पडतो. त्याचा मूळ संकेतही खुला आहे. साधनेही म्हातारी होतात, हे ध्यानात असावे. टेक नावाचा एक प्रोग्राम कित्येक वर्षे जगभर वापरला गेला. २०१९ नंतर त्यात सुधारणा थांबल्या आणि तिसऱ्या आवृत्तीचे रायनेक्स त्याला हाताळता येत नाही. म्हणून रूपांतर 'पुढे केव्हातरी' यावर टाकू नये.

४. आवृत्ती जाणून घ्यावी. निरीक्षणे अनेक प्रणालींची असतील तर तिसरी आवृत्ती घ्यावी. जुना प्रोग्राम केवळ २.११ वाचत असेल तर त्याच्यासाठी वेगळी प्रत करावी, पण २.११ मध्ये नाविक प्रणालीसारख्या नव्या उपग्रहांना स्थान नाही, हे विसरू नये.

५. अँटेनाची उंची तपासावी. माझ्या अनुभवात सर्वाधिक चुका येथे होतात. उंची सरळ मोजली की तिरकी? खुणेपासून अँटेनाच्या तळापर्यंत मोजली की कडेपर्यंत? समजा, तिपाईवरील अँटेनाच्या कडेपर्यंतची तिरकी उंची १.५०० मीटर आली आणि अँटेनाची त्रिज्या ०.१७० मीटर आहे. पायथागोरसच्या सिद्धांताने सरळ उंची १.४९० मीटर निघते; म्हणजे एक सेंटिमीटरचा फरक. त्यातून कडेच्या खुणेपासून अँटेनाच्या तळापर्यंतचे अंतर वजा केले की शीर्षात लिहावयाची उंची मिळते. याहून मोठी चूक म्हणजे दोन मीटरच्या काठीवर काम करून उंचीच्या जागी शून्य राहणे. उंचीतील अशी चूक बांधाच्या आडव्या जागेवर फारसा परिणाम करीत नाही, हे खरे. पण पाट, विहीर, चर किंवा पूररेषा यांच्या कामात ती सर्वस्वी घातक ठरते. अँटेनाच्या प्रकाराचे नावही ठरलेल्या पद्धतीनेच लिहिलेले असावे. ते रिकामे राहिल्यास तिच्या विद्युत-केंद्राची दुरुस्ती गणितात लागू होत नाही.

६. वेळ ओळखावी. रायनेक्समधील वेळ सामान्यतः जीपीएस वेळ असते. ती जागतिक प्रमाणवेळेच्या १८ सेकंद पुढे आहे. हा फरक २०१७ च्या आरंभापासून आहे. भारतीय वेळ जागतिक वेळेच्या साडेपाच तास पुढे. म्हणून आपल्या घड्याळात सकाळचे ठीक दहा वाजले असता फाइलमध्ये ४ वाजून ३० मिनिटे १८ सेकंद दिसतील. पहाटे साडेपाचच्या सुमारास फाइलमधील तारीख बदलते. फेरजबाबात "मोजणी दहाला झाली, फाइल साडेचारची कशी?" असा प्रश्न येऊ शकतो; त्याचे उत्तर टिपणात आधीच लिहिलेले असावे.

७. मोजदाद जुळवावी. दोन तास, दर तीस सेकंदांनी नोंद, म्हणजे सुमारे २४० क्षण. रायनेक्समध्ये तेवढे आले का? मध्येच खंड आहे का? काही प्रोग्राम आपोआप एक सेकंदाच्या नोंदीतील बाकीचे क्षण गाळून तीस सेकंदांची फाइल बनवितात. जतन करावयाच्या प्रतीत असे काहीही गाळू देऊ नये.

८. उत्तर दोन्ही वाटांनी काढावे. एकदा कंपनीच्या प्रोग्राममध्ये मूळ फाइल घालून आणि एकदा मुक्त प्रोग्राममध्ये रायनेक्स घालून तोच बिंदू काढावा. मोकळ्या आकाशाखालच्या चांगल्या निरीक्षणात, अंतर कमी असता, दोन्ही उत्तरे काही मिलिमीटरांत जुळावयास हवीत. मोठा फरक आला तर बहुधा उंची, अँटेनाचे नाव किंवा आधार-बिंदूचे स्थान यांपैकी एकात दोष असतो. शीर्षातील अंदाजे स्थान हे अंतिम उत्तर नव्हे, हेही स्मरणात ठेवावे.

९. जे रायनेक्समध्ये मावत नाही ते वेगळे जपावे. बिंदूंना दिलेली नावे, 'विहीर', 'बांध', 'दगड' असे संकेत, आरटीकेचे उत्तर, काठीच्या कलाची दुरुस्ती या गोष्टी रायनेक्समध्ये जात नाहीत. त्या सीएसव्ही या साध्या तक्त्याच्या स्वरूपात काढाव्यात. तक्त्यासोबत कोणती संदर्भ-प्रणाली, कोणता विभाग आणि कोणती तारीख हे शब्दांत लिहावे.

१०. एकत्र बांधून ठेवावे. मूळ फाइल, रायनेक्स, कक्षांची फाइल, बिंदूंचा तक्ता, शेतातील टिपणाचे छायाचित्र, दगडांची छायाचित्रे आणि 'आधी हे वाचा' या नावाची एक पानाची मराठी टीप, एवढे सर्व एकाच कप्प्यात असावे. जागा वाचवावयाची असेल तर जपानच्या भू-अवकाशीय माहिती प्राधिकरणातील युकी हातानाका यांनी सिद्ध केलेली रायनेक्सची संक्षिप्त पद्धत वापरता येते. तिच्यात माहितीची हानी होत नाही.

तारीख का हवी

वर नवव्या पायरीत तारखेचा उल्लेख केला, त्याचे कारण पुष्कळांना ठाऊक नसते. ज्या भूपट्टावर आपला देश आहे तो दरवर्षी सुमारे पाच सेंटिमीटर ईशान्येकडे सरकत आहे. जागतिक संदर्भ-प्रणालीत काढलेले शेताच्या कोपऱ्याचे स्थान वीस वर्षांत सुमारे एक मीटरने बदलते. शेजाऱ्याचा दगडही तेवढाच सरकतो, म्हणून बांध जागच्या जागी असतो. परंतु वीस वर्षांपूर्वीचे आकडे आणि आजचे आकडे विचार न करता एकत्र ठेवले तर नसलेले अतिक्रमण कागदावर दिसू लागते. तारीख ठाऊक असेल तर दुरुस्ती करता येते. मूळ निरीक्षणे असतील तर जवळच्या संदर्भ-केंद्राच्या त्याच दिवसाच्या नोंदीवरून सारे गणित नव्याने मांडता येते. भारतीय सर्वेक्षण विभागाने महाराष्ट्रातही अखंड चालणाऱ्या संदर्भ-केंद्रांचे जाळे उभारले आहे, त्यामुळे हे काम पूर्वीपेक्षा सोपे झाले आहे.

याचा उपयोग कोणाला

एक मर्यादा स्पष्ट करणे आवश्यक आहे. उपग्रह जागा सांगतो, मालकी सांगत नाही. सातबारा, फेरफार, भूमि अभिलेख कार्यालयाचा नकाशा आणि मोजणीची 'क' प्रत यांची जागा कोणतीही संगणकीय फाइल घेऊ शकत नाही. खाजगी मोजणी ही शासकीय मोजणीला पर्यायही नाही. रायनेक्स फाइलचे महत्त्व साक्षीदाराचे आहे. हा साक्षीदार विसरत नाही, परंतु त्याची भाषा सर्वांना समजली पाहिजे.

अशा साक्षीदाराची गरज सर्वाधिक कोणाला? ज्याच्याजवळ शंभर एकर आहेत, त्याला चार फुटांचे नुकसान सोसवते आणि वकीलही परवडतो. ज्याच्याजवळ वीस गुंठे आहेत, त्याला तसे नाही. आपल्या समाजातील अनेक कुटुंबांची जमीन ही वतनाची होती. कनिष्ठ ग्रामवतने नाहीशी करणारा १९५८ चा कायदा आला आणि त्या जमिनी नव्या शर्तीवर पुन्हा देण्यात आल्या. त्यानंतर वाटण्या होत गेल्या, क्षेत्रे आटत गेली, मोजणी मात्र कित्येक ठिकाणी झालीच नाही. आता रस्ते, कालवे, वसाहती यांसाठी भूसंपादन होताना प्रथमच यंत्र त्या बांधावर येते. त्या एकमेव दिवशीची नोंद जर कोणाला वाचता येणार नाही अशा फाइलमध्ये बंद झाली, तर पुढच्या पिढीच्या हाती केवळ दोन आकडे आणि मनस्ताप राहील.

म्हणून पालकांना व ग्रामस्थांना विनंती अशी की, खाजगी मोजणी करून घेताना नकाशाबरोबर तीन गोष्टी मागाव्यात: आधार-केंद्र व फिरत्या यंत्राच्या रायनेक्स फायली, बिंदूंचा तक्ता आणि अँटेनाच्या उंचीसह शेतातील टिपण. काम ठरविताना, पैसे देण्याआधी, हे बोलून घ्यावे. प्रामाणिक भूमापकाला यात काहीही अवघड नाही. त्या फायली पेन ड्राइव्हवर घेऊन सातबाराच्या पिशवीत ठेवाव्यात आणि दुसरी प्रत दुसऱ्या घरी ठेवावी.

शाळेच्या प्रांगणात एक खूण

शेवटी शाळेपुढे एक सूचना ठेवतो. प्रांगणाच्या मोकळ्या कोपऱ्यात, जेथे झाडांची छाया व भिंतींचा आडोसा नाही, सिमेंटचा एक लहान चौथरा बांधून त्यात पितळी खिळा बसवावा. वर्षातून एकदा, नववी-दहावीच्या विद्यार्थ्यांनी त्यावर काही तास यंत्र ठेवून निरीक्षण घ्यावे, स्वतः रूपांतर करावे, शीर्षातील प्रत्येक ओळ वाचून पाहावी आणि ती फाइल ग्रंथालयात जमा करावी. यंत्र आणण्याची जबाबदारी मी व माझे व्यवसायबंधू असलेले माजी विद्यार्थी आनंदाने घेऊ. पाच-सात वर्षांनी जुन्या व नव्या फायली शेजारी ठेवून मुले आपल्या पायाखालची भूमी किती सरकली हे स्वतः मोजतील. भूगोलाच्या पुस्तकातील वाक्य त्यांना स्वतःच्या आकड्यांतून पटेल.

याहून मोठा लाभ असा की, दरवर्षी काही मुले मोजणीची मूळ नोंद वाचावयास शिकून आपापल्या गावी जातील. बांधावर यंत्र घेऊन कोणी आले तर ती विचारतील, "नोंद चालू केली आहे ना? अँटेनाची उंची किती घेतली? फाइल कोणत्या स्वरूपात देणार?" त्या आजीचा प्रश्न मग कोणालाही उशिरा ऐकावा लागणार नाही.